काझू मिउरा : मैदानावर की फक्त टीव्हीवर?

कोल्हापूरकर :
काल कुणीतरी लिहिलं, ‘काझू मिउराकडं बघा, वय नुसता आकडा असतो.’ डोकंच फिरलं. या जपानी फुटबॉलपटूची १९८६ ला ब्राझीलच्या सांतोस क्लबकडनं सुरुवात, १९९३ ला जे-लीगचा, म्हणजे जपानच्या व्यावसायिक लीगचा, उद्घाटनाचा सामना, तिथवर माझाही सलाम. पण मार्च २०२१ मध्ये योकोहामा एफसीनं उरावा क्लबविरुद्ध ५४ व्या वर्षी अगदी शेवटी उतरवला, त्याला खेळणं म्हणायचं? कॅमेऱ्याला चेहरा हवा होता, एवढंच. ती जागा एखाद्या पोराची होती. मी शाहू स्टेडियमवर दोन हंगाम बाकावर काढलेत. आमच्या तालमीच्या फुटबॉल संघातल्या चाळिशीच्या दादांना ‘आता थांबा’ म्हणायची कुणाची छाती नव्हती.

तोक्योवासी :
१२ मार्च २०१७ ला मी मित्सुझावा स्टेडियममध्ये होतो. गुन्माविरुद्ध योकोहामा एफसी १-० जिंकली आणि तो एकमेव गोल काझूचा, वय ५० वर्षं १४ दिवस! शेजारचे आजोबा रडत होते. आदल्याच आठवड्यात त्यानं इंग्लंडच्या स्टॅन्ली मॅथ्यूजचा १९६५ चा, सर्वाधिक वयात व्यावसायिक लीग सामना खेळण्याचा विक्रम मोडला होता. हे कॅमेऱ्यासाठी?

जुना प्रेक्षक :
त्याच्यावर खरा अन्याय १९९८ ला झाला. जपानचा पहिला विश्वचषक, आणि प्रशिक्षक ओकादांनी ऐनवेळी त्यालाच वगळलं! ५५ आंतरराष्ट्रीय गोल करणारा माणूस स्वित्झर्लंडमधल्या सराव शिबिरातून परत. जपान तिन्ही सामने हरला, एकच गोल झाला.

कोल्हापूरकर :
अन्याय कसला? अंतिम पात्रता फेरीत उझबेकिस्तानला पहिल्याच सामन्यात चार गोल मारले, पुढं एकही नाही. ओकादांनी अठरा वर्षांच्या ओनोला नेलं. हेच तर मी म्हणतोय!

जुना प्रेक्षक :
ओनोला किती मिनिटं मिळाली? जमैकाविरुद्ध, तीही शेवटी शेवटी. शेवटची मिनिटं पोराला दिली की न्याय, काझूला दिली की नाटक?

कोल्हापूरकर :
ओनोपुढं अख्खी कारकीर्द होती. ५४ व्या वर्षी कुठली?

तोक्योवासी :
तुमच्या दादांचा राग काझूवर काढू नका. त्याला कुणी घाबरून संघात ठेवलं नव्हतं. सप्टेंबर २०२० ला, ५३ व्या वर्षी, कावासाकीविरुद्ध कर्णधार म्हणून पहिल्या अकरात होता. जवळजवळ तासभर धावला.

कोल्हापूरकर :
राग आहेच, आणि तो जाणार नाही. एकोणिसावं वर्ष परत येत नाही. गुन्माचा गोल मान्य. कावासाकीचा सामनाही धरा. उरावाचा मात्र नाही.