मदत हवी आहे: सायकल टूरला गाईड घ्यावा की नाही? (उद्या सकाळपर्यंत कळवायचंय)

आर्या_क
नमस्कार. गाईडसोबतची सायकल टूर बुक करायची आहे. सकाळी साडेसहा ते साडेनऊ. जुनं शहर, किल्ल्याचा भाग, मासेमारीची जाळी, चर्च, राजवाडा, ज्यू टाऊन असं सगळं यादीत आहे. टूरवाले म्हणतात उद्या सकाळी दहापर्यंत पैसे भरा, नाहीतर जागा दुसऱ्याला देऊ. घरात दोन तट पडलेत. नवऱ्याचं म्हणणं, सायकली भाड्याने घेऊ आणि आपलं आपण फिरू. मला वाटतं सांगणारं कोणी नसेल तर नुसत्या भिंती बघून परत येऊ. सोबत आई आहे. ज्यांनी अशी टूर केली आहे त्यांनीच सांगा, आणि कृपया लवकर. हॉटेल, विमान सगळं ठरलंय, त्याबद्दल नकोय.

घाटवाट
शहर कुठलं?

चिंचगुळ
जाळी आणि ज्यू टाऊन म्हणजे फोर्ट कोची असणार. पण पाँडिचेरीतही सकाळच्या सायकल टूर असतात, तेव्हा एकदा नक्की सांगून टाका ताई. आईंचं वय काय?

आर्या_क
हो, कोचीच. ज्यू टाऊन लिहिलंय की वर. आई ६३ वर्षांची. रोज सकाळी फिरायला जाते, चालण्याचा काही प्रश्न नाही.

कुसुमकाकू
अगं, चालते ते कळलं, पण सायकल चालवते का?

पेडल_पंप
फोर्ट कोचीला गाईडची काहीच गरज नाही. सगळा भाग सपाट आहे, चढ म्हणून नाही. जाळ्यांपासून मट्टनचेरीपर्यंत, म्हणजे राजवाडा आणि ज्यू टाऊनच्या भागापर्यंत, जेमतेम अडीच-तीन किलोमीटर अंतर. मोबाईलवर नकाशा लावा आणि निघा. गटात गेलं की सगळ्यात हळू माणसाच्या वेगाने जावं लागतं, मनात आलं तिथे थांबता येत नाही, फोटो काढायला लागलात की पुढचे घंटी वाजवतात. भाड्याची सायकल घेताना दोन्ही ब्रेक दाबून बघा, चाक हाताने फिरवून रिम कुठे घासत नाही ना ते बघा आणि सीट हवी तेवढी वर घ्या. खाऱ्या हवेत चेन लवकर गंजते, तेव्हा कुरकुरणारी सायकल तिथेच परत करून दुसरी मागायची.

दर्यावर्दी
पेडलभाऊ, इथे असहमत. सायकल चालवता येईल, पण बघणार काय? फोर्ट कोचीत किल्ला शोधायला गेलात तर किल्ला सापडत नाही. पोर्तुगीजांनी १५०३ मध्ये बांधलेला फोर्ट इमॅन्युएल डचांनी आखडता घेतला, इंग्रजांनी उरलासुरला पाडला. आता किनाऱ्याजवळ थोडे अवशेष आणि डच बुरुजाच्या जागेवरचा बॅस्टियन बंगला, एवढंच. जे उभंच नाही ते नकाशा कसं दाखवणार?

सेंट फ्रान्सिस चर्चचंही तेच. १५०३ चं लाकडी चर्च, पुढे दगडी झालं. पोर्तुगीजांचं कॅथलिक, १६६३ नंतर डचांचं प्रोटेस्टंट, १७९५ नंतर इंग्रजांच्या ताब्यात. आत गेलात तर दोन्ही बाजूंच्या भिंतींत थडग्यांचे दगड बसवलेत. उत्तरेकडचे पोर्तुगीज, दक्षिणेकडचे डच. एका फेरीत दोन राजवटी समोरासमोर बघायला मिळतात, पण कोणी बोट दाखवलं नाही तर लोक वास्को द गामाच्या दगडाचा फोटो काढून बाहेर पडतात. आणि गामा तिथे नाहीच. १५२४ मध्ये कोचीत वारला, तिथेच पुरला, पण पुढे अवशेष लिस्बनला नेले. वर पाहिलंत तर दोरीने बाहेरून ओढायचे कापडी पंखे अजून टांगलेले दिसतील. माझं मत स्पष्ट आहे. चांगला गाईड घ्या.

पेडल_पंप
हे सगळं आदल्या रात्री वाचून जाता येतं. त्यासाठी सकाळचे तीन तास दुसऱ्याच्या तालावर घालवायचे?

दर्यावर्दी
वाचून जाणारे किती असतात? ६३ वर्षांच्या बाईंना रात्री मोबाईलवर इतिहास वाचा म्हणून सांगणार का?

आर्या_क
आई कॉलेजात असताना सायकल चालवायची. नंतर नाही. पण सायकल कोणी विसरत नाही ना? आणि आईला वाचनाची प्रचंड आवड आहे, शिक्षिका होती. मला फक्त एवढंच हवंय: गाईड की बिनगाईड?

कुसुमकाकू
आर्या, तोल जात नाही हे खरं, पण चढणं-उतरणं जातं. माझ्या नणंदेला चालवता यायची, थांबवून उतरताना ती कलली. आईसाठी आडवा दांडा नसलेली सायकल मागून घे, खाली वाकवलेल्या फ्रेमची. सीट इतकी खाली हवी की बसल्या बसल्या दोन्ही पाय जमिनीला टेकतील. साडी, घोळदार सलवार आणि मोकळी ओढणी नको, चेनला कव्हर नसेल तर फार पटकन अडकते. आणि जायच्या आधी घराजवळच्या मैदानात आईला दोन-तीन सकाळी चालवायला लाव. हे तुम्ही दोघं भांडताय त्यापेक्षा महत्त्वाचं आहे.

पेडल_पंप
काकू, सीट खाली ठेवली की गुडघ्याच्या पुढच्या बाजूवर ताण येतो. पेडल सगळ्यात खाली असताना पाय जवळजवळ सरळ व्हायला हवा. हे मूलभूत आहे.

कुसुमकाकू
लांब पल्ल्याला असेल ते खरं. इथे सगळं मिळून सात-आठ किलोमीटर, तेही दर पाच मिनिटांनी थांबत. इतक्या वर्षांनी बसणाऱ्या बाईला पाय टेकणं जास्त महत्त्वाचं. गुडघ्याचं दुखणं आधीपासून असेल तर मात्र आर्याने सांगावं.

थांबा_जरा
रिक्षा करा ना सरळ. फोर्ट कोचीत रिक्षावाले तासाच्या हिशेबाने फिरवतात, स्वतःच माहिती सांगतात, आईंना त्रास नाही. मात्र मसाल्याच्या आणि हस्तकलेच्या दुकानांत जायचं नाही हे निघतानाच ठामपणे सांगा, नाहीतर अर्धा वेळ तिथे जातो.

माडबन
कोचीला जाताच आहात तर अलप्पुळाची हाऊसबोट चुकवू नका. मुन्नार करणार असाल तर स्वेटर न्या, रात्री थंडी असते.

घाटवाट
आर्याताई, टूर कोणत्या वारी आहे?

आर्या_क
शुक्रवारी. पुढच्या आठवड्यात. वाराचा काय संबंध? गुडघे ठीक आहेत. रिक्षा नकोय, आईलाच सायकलवर फिरायचंय, तिची इच्छा आहे म्हणून तर हा सगळा खटाटोप.

घाटवाट
संबंध मोठा आहे. मट्टनचेरीचा राजवाडा शुक्रवारी बंद असतो. ज्यू टाऊनमधलं परदेशी सिनेगॉग, म्हणजे ज्यूंचं प्रार्थनास्थळ, शुक्रवारी आणि शनिवारी बंद. म्हणजे तुमच्या यादीतल्या दोन मोठ्या गोष्टी त्या दिवशी बाहेरूनच बघाल. आणि वार कोणताही असला तरी साडेसहा ते साडेनऊच्या टूरमध्ये त्या आतून दिसणार नाहीतच, कारण दोन्ही दहाच्या सुमारास उघडतात. टूरवाल्यांनी "दाखवतो" म्हटलंय ते रस्त्यावरून. चर्चमध्ये त्या वेळी आत जाता येईल का, तेही त्यांना विचारून घ्या.

आर्या_क
हे त्यांनी अजिबात सांगितलं नाही! त्यांच्या पत्रकात राजवाड्यातल्या भित्तिचित्रांचा फोटो आहे. मग टूर रद्दच करू का?

दर्यावर्दी
रद्द नका करू. सकाळची वेळ रस्त्यासाठी आहे आणि त्याला तोड नाही. नोव्हेंबरात साडेसहाला स्वच्छ उजेड असतो, नऊनंतर दमट उकाडा वाढतो आणि बाजार रोडला माल उतरवणाऱ्या गाड्या लागतात. तो रस्ता अरुंद, आईंसारख्या नव्याने सायकलवर बसणाऱ्या व्यक्तीने तिथे सकाळीच जावं. परेड मैदानाभोवतीचे प्रचंड पर्जन्यवृक्ष, प्रिन्सेस स्ट्रीट, बर्गर स्ट्रीटची बसकी कौलारू घरं हे सगळं सायकलच्या वेगानेच नीट दिसतं. चालत गेलात तर मट्टनचेरीपर्यंत पाय दमतात, रिक्षातून टपाखाली काही दिसत नाही.

चिनी जाळ्यांपाशी मात्र वेळ काढा. सायकल स्टँडवर लावा आणि एक जाळं खाली जाऊन वर येईपर्यंत बघत राहा. सागवान आणि बांबूचा सांगाडा, मागे दोरांना ओळीने बांधलेले धोंडे. एक माणूस मुख्य वाशावरून पुढे चालत जातो, त्याच्या वजनाने तोल बदलतो आणि एवढं मोठं जाळं पाण्यात उतरतं. वर घेताना चार-पाच जण दोर ओढतात, धोंडे एकामागून एक खाली टेकत जातात. शिक्षिका असलेल्या आईंना हे तराजूचं गणित फार आवडेल. कधीकधी ते पर्यटकांना दोर ओढायला बोलावतात, त्याचे पैसे अपेक्षित असतात, ते आधी विचारावं.

चिंचगुळ
ज्यू टाऊनवरून आठवलं. आपल्या अलिबागकडच्या बेने इस्राएली ज्यूंचा आणि कोचीच्या ज्यूंचा काही संबंध आहे का? आमच्या आजोळी त्यांना शनिवार तेली म्हणत.

दर्यावर्दी
तेलाचे घाणे चालवायचे आणि शनिवारी काम बंद ठेवायचे म्हणून ते नाव. सिनेगॉग शनिवारी बंद असण्याचं कारणही तेच, शब्बाथ, म्हणजे ज्यूंचा आठवड्याचा विश्रांतीचा दिवस. समाज मात्र वेगळे. कोकणातले मराठी बोलणारे, कोचीतले मल्याळम. पण अठराव्या-एकोणिसाव्या शतकात कोचीहून काही धर्मशिक्षक कोकणात आले होते, तेवढं नातं आहे. परदेशी सिनेगॉग १५६८ चं, आतली जमीन चीनमधून आणलेल्या हाताने रंगवलेल्या निळ्या-पांढऱ्या फरशांची. शेजारचा घड्याळाचा मनोरा १७६० चा, तो रस्त्यावरूनही दिसतो.

आणि मराठी माणसाने चुकवू नये अशी आणखी एक गोष्ट. मट्टनचेरीत पोर्तुगीजांच्या काळात गोव्यातून आलेले कोकणी लोक पिढ्यान्‌पिढ्या आहेत, त्यांचं तिरुमल देवस्थान तिथेच आहे. डच गव्हर्नर व्हान रीडने मलबारच्या वनस्पतींवर 'हॉर्टस मलबारिकस' हा १२ खंडांचा ग्रंथ करवून घेतला, तो ॲमस्टरडॅमला १६७८ ते १६९३ मध्ये छापला गेला. त्यात मल्याळी वैद्य इट्टी अच्युतन यांच्याबरोबर रंगा भट, विनायक पंडित आणि अप्पू भट या तीन कोकणी वैद्यांचं काम आहे, आणि त्या तिघांचं प्रमाणपत्र नागरी लिपीत छापलंय. साडेतीनशे वर्षांपूर्वी कोचीत लिहिलेली नागरी अक्षरं ॲमस्टरडॅमच्या छापखान्यात गेली! याबद्दल विचारलंत आणि गाईडला सांगता आलं, तर तो गाईड पैसे देण्यालायक आहे समजा.

थांबा_जरा
विषय भरकटतोय. त्यांना उद्या दहापर्यंत उत्तर द्यायचंय.

घाटवाट
आर्याताई, कोचीला पोचताय कधी?

आर्या_क
गुरुवारी दुपारी बाराला विमान उतरतं. हॉटेल फोर्ट कोचीतच आहे. शनिवारी सकाळी मुन्नारला निघतो. तारीख बदलता येणार नाही.

घाटवाट
मग सुटलं. विमानतळ नेडुम्बश्शेरीला, तिथून फोर्ट कोची चाळीसेक किलोमीटर, दीड-दोन तास धरा. सामान टाकून, जेवून थेट रिक्षाने मट्टनचेरी. सिनेगॉग दुपारी तीन ते पाच उघडं असतं, राजवाडा पाचपर्यंत. ज्यूंचा काही सण त्या दिवशी नाही ना तेवढं बघून घ्या. राजवाडा पोर्तुगीजांनी सोळाव्या शतकात कोचीच्या राजासाठी बांधला, डचांनी दुरुस्त केला म्हणून नाव डच पॅलेस. आतल्या रामायणाच्या भित्तिचित्रांचे फोटो काढू देत नाहीत, तेव्हा घाई न करता उभं राहून बघा. शुक्रवारी सकाळी मग सायकल टूर, आतलं सगळं आधीच बघितलेलं असेल.

पेडल_पंप
ही योजना चांगली आहे. आदल्या दिवशी आतून बघणार असाल तर शुक्रवारी गाईडसह जायलाही माझी हरकत नाही. मात्र टूरवाल्यांना विचारा: गटात किती जण, सगळ्यात मागे त्यांचा एक माणूस असतो का, आईंना मध्येच थांबावंसं वाटलं तर रिक्षाने परत आणतील का, पाऊस आला तर पैशांचं काय. नोव्हेंबरात तिथे परतीचा पाऊस असतो, बहुतेक दुपारनंतर पडतो, सकाळ बहुधा कोरडी मिळते. मागचा माणूस नसेल तर घेऊ नका.

कुसुमकाकू
आणि गाईड बोलणार इंग्रजीत, फार तर हिंदीत. आईला जमेल ना?

आर्या_क
इंग्रजी जमतं तिला, काकू. आत्ताच फोन केला टूरवाल्यांना. गट आठ जणांचा, मागे एक माणूस असतो, दमलेल्यासाठी रिक्षा बोलावतात पण तिचं भाडं आपण द्यायचं. पाऊस आला तर दुसऱ्या दिवशी नेतात, ते आम्हाला उपयोगाचं नाही, म्हणून अर्धे पैसे परत करा म्हटलं, तयार झाले. खालच्या फ्रेमची सायकल आहे. चर्चमध्ये त्या वेळी आत जाता येईल याची खात्री त्यांनी दिली नाही, ते आम्ही टूर संपल्यावर चालत जाऊन बघू. नवराही तयार झालाय. फक्त लहान सायकल एकच आहे म्हणाले, ती कोणी आधी घेतली नाही तर मिळेल.

पेडल_पंप
लहान सायकल कोणासाठी?

आर्या_क
मुलीसाठी. १० वर्षांची आहे. चालवते सोसायटीत.

कुसुमकाकू
अगं, हे आधी सांगायचं! रस्त्यावर कधी चालवली आहे का तिने?

पेडल_पंप
पैसे भरतानाच ती लहान सायकल तिच्या नावावर लिहून घ्या, तोंडी नको, मेसेजवर. १० वर्षांच्या मुलीला २४ इंची चाक बहुधा बसेल, उंची कळवून खात्री करा. सोसायटीतली सवय बाजार रोडला पुरत नाही, तिला गाईडच्या लगेच मागे ठेवा, तिच्या मागे तुम्ही, आई त्यानंतर, आणि नवरा आईच्या मागे. हेल्मेट इथूनच न्या, तिथली बहुतेक मोठ्यांच्या मापाची असतात.

आर्या_क
चालेल. सायकलचं मेसेजवर लिहून घेते आणि पैसे भरते. आईला उद्यापासून मैदानात नेतेय.