कापूस मिलमध्ये हात गेलेला आयरिश पुढारी कोण?

कपाशी_चोपडा: राम राम मंडळी. सध्या जिनिंगचा सीझन आहे, काल हिशोबाला गेलो तर डोळ्यासमोर एका पोराची बाही मशीनच्या पट्ट्यात गेली, हात वाचला पण फाटलेली बाही कितीतरी वेळ पट्ट्यावर गरगर फिरत होती. घरी सांगितलं तर एमपीएससीवाला भाचा म्हणे, मामा, आयर्लंडच्या एका पुढाऱ्याचा हात असाच गेला होता आणि त्यानं पुढे जमीनदारांना घाम फोडला. नाव मात्र त्याला आठवेना (पास कसा होणार देव जाणे).

अमळनेरकर: मायकेल डेव्हिट. जन्म १८४६, मेयो परगणा, गाव स्ट्रेड. चार वर्षांचा असताना खंड थकला म्हणून जमीनदारानं घराबाहेर काढलं, मग सगळे इंग्लंडात लँकेशायरला, तिथे कापसाच्या गिरण्या. ११ व्या वर्षी मशीनमध्ये उजवा हात गेला, कापावाच लागला. पण गंमत बघा भो, हात गेला म्हणून मिल सुटली आणि मिल सुटली म्हणून शाळा मिळाली, नाहीतर जन्म तिथंच गेला असता. पुढे फेनियन म्हणजे इंग्रजांविरुद्ध लढणाऱ्या आयरिश क्रांतिकारकांत शिरला, १८७० ला हत्यारांच्या भानगडीत पकडला, १५ वर्षांची सजा, ७ भोगून सुटला.

भरीत_पुरी: आणि खरं काम तर सुटल्यावर. १८७९ ला लँड लीग ही कुळांची संघटना काढली, अध्यक्ष आयरिश पुढारी पार्नेल, पण बांधावर फिरणारा माणूस हाच. १८८० मध्ये जमीनदाराचा कारभारी असलेल्या कॅप्टन बॉयकॉटला लोकांनी अक्षरशः वाळीत टाकलं, मजूर नाही, दुकानदार माल देईना, शेवटी बाहेरून ५० एक माणसं आणि त्यांच्या रक्षणाला हजारेक शिपाई आणून बटाटे-सलगम काढले, पिकापेक्षा बंदोबस्त महाग पडला. तो 'बॉयकॉट' शब्द इथलाच.

केळीवाला_रावेर: पण सगळं गोड नव्हतं, डेव्हिटचं म्हणणं जमीन देशाच्या मालकीची करा, आणि कुळांना पाहिजे होता आपल्या नावाचा सातबारा. १९०३ च्या कायद्यानं सरकारी कर्ज काढून जमीन विकत घ्यायचा रस्ता मोकळा झाला, तो त्याला पटला नाही. चूक कोणाची म्हणणार? आपल्याकडे कोणी म्हणून बघा, जमीन सरकारजमा करा म्हणून, बांधावरच बदडतील.

अमळनेरकर: @केळीवाला बरोबर. अजून एक, दादाभाई नौरोजींना आयर्लंडमधल्या एखाद्या जागेवरून पार्लमेंटात आणा असं यानंच पार्नेलला सुचवलं होतं, ते जमलं नाही, दादाभाई पुढे १८९२ ला लंडनमधून निवडून आले. स्वतः डेव्हिट खासदार होता, १८९९ ला इंग्रजांच्या दक्षिण आफ्रिकेतल्या बोअर युद्धाच्या निषेधात राजीनामा देऊन मोकळा. १९०६ ला गेला, पुरला स्ट्रेडलाच.

कपाशी_चोपडा: धन्यवाद भाऊ. बाबांना वाचून दाखवलं, सगळं ऐकून एवढंच विचारलं, "हात गेला त्याचे पैसे मिळाले का त्याला?"

अमळनेरकर: दमडी नाही.