पिशाचं झाड दरवर्षी फुलतं, पण फळ एकही धरत नाही. कारण काय असावं?

ओढ्याकाठी:
नमस्कार मंडळी. महाबळेश्वरच्या उतारावर आमच्या बांधाला एक जुना पिसा आहे. कोवळी पालवी रेशमी, फांदीच्या टोकाला खाली लोंबणारी. जून पानं टोकाशी झुबक्याने येतात आणि मागून पांढुरकी दिसतात. हिवाळ्यात फांद्या पिवळट फुलांनी लगडतात, पण लाल फळ आजवर कुणाला दिसलेलं नाही. बी मिळालं तर रोपं करून ओढ्याकडेची उघडी पडलेली जागा भरायची आहे. खत कमी पडतंय का? घरात एक मत असंही आहे की हे काढून फणस लावावा. मला ते अजिबात पटत नाही.

डोंगरकडा:
वर्णनावरून पिसाच. पिसा दालचिनीच्या कुळातला, अ‍ॅव्होकॅडोही त्यातलाच. त्यालाही एकट्या झाडावर फळं कमी धरतात. सोबतीला दुसरं झाड लावा.

झाडोरा:
खत घालू नका, झाड ठणठणीत आहे. पिशात नर झाड वेगळं आणि मादी झाड वेगळं असतं. तुमचं बहुधा नर आहे. देशी झाडांची रोपवाटिका सांभाळते, त्यामुळे ‘फुलतं भरपूर, फळत नाही’ हे मला नेहमी ऐकायला मिळतं, आणि त्यापायी चांगली झाडं तोडली जातात याचं फार वाईट वाटतं.

अ‍ॅव्होकॅडोची गोष्ट निराळी. त्याचं प्रत्येक फूल द्विलिंगी, म्हणजे नर-मादी दोन्ही भाग असलेलं असतं, पण ते दोनदा उमलतं: आधी मादी म्हणून, मग मिटून पुन्हा नर म्हणून. काही जातींची झाडं सकाळी मादी अवस्थेत असतात, काहींची दुपारी, म्हणून दोन प्रकारची झाडं जवळ असली की फळ वाढतं. दालचिनीचं फूलही द्विलिंगीच. पिशाचं तसं नाही. नर झाडाला कितीही सोबत दिली तरी त्याच्यावर फळ येणार नाही. ते मादीवरच येणार.

खात्री घरीच करता येते. ताजं उमललेलं फूल तोडा आणि भिंगाखाली धरा. पाकळ्यांसारखे सहा भाग, त्यांच्या आत नऊ पुंकेसर, म्हणजे फुलाचे नर भाग. सर्वांत आतल्या तिघांच्या बुडाशी दोन-दोन गाठीसारख्या ग्रंथी दिसतील. आता परागकोश, म्हणजे पुंकेसराच्या टोकाची परागाची पिशवी, नीट बघा. आंब्या-जांभळाचा परागकोश उभा चिरतो, पण या कुळात त्याला बारीक झडपा असतात आणि त्या खालून वर उघडतात. झडपा वर झालेल्या दिसल्या आणि बोटाला पिवळी पूड लागली, तर झाड नर. नुसते पुंकेसर मोजून ठरवू नका, कारण मादी फुलातही त्यांचे वांझ अवशेष असतात. मादी फुलात मधोमध फुगीर अंडाशय असतो आणि त्याच्यावर पसरट कुक्षी, म्हणजे पराग झेलणारं टोक. नर फुलात तिथे फार तर एक खुरटा अवशेष सापडेल.

आणि झाड काढायचा विचार सोडा. आसपासच्या रानात मादी पिसे असतील तर त्यांना पराग देणाऱ्यांत हे एक आहे. आपल्या अंगणात फळ दिसलं नाही म्हणून त्याचं काम थांबलेलं नसतं. शिवाय महाबळेश्वर-पाचगणी परिसर 2001 पासून पर्यावरणीय संवेदनशील क्षेत्र आहे. तुमची जमीन त्यात येत असेल तर स्वतःच्या बांधावरचं झाडही परवानगीशिवाय तोडता येत नाही.

ओढ्याकाठी:
पाहिलं. झडपा अगदी स्पष्ट दिसल्या, इवल्याशा पापण्या वर केल्यासारख्या. बोट पिवळं झालं. म्हणजे नरच. मग याच झाडाची गुटी बांधून, म्हणजे फांदीलाच मुळं फोडून रोपं केली तर?

झाडोरा:
गुटीचं रोपही नरच होणार. तुम्हाला बीच हवं, आणि ते मादी झाडाखालून. शेजारपाजारच्या खाजगी रानात विचारा. राखीव जंगलातून परवानगीशिवाय उचलू नका. मादी झाड ओळखायला सोपं आहे: लाल फळ एका छोट्या पेल्यात बसवल्यासारखं असतं. बुलबुल आणि तांबट त्यावर येतात, म्हणून पिकू लागताच लक्ष ठेवा.

पुढचं मात्र काटेकोरपणे करा. गर धुऊन काढा आणि बी लगेच सावलीत पेरा. उन्हात वाळवून डब्यात भरून ठेवायची सवय इथे घात करते. या कुळातलं बरंचसं बी वाळलं की मरतं. रोपं लहान असताना दिसण्यावरून नर-मादी कळत नाही, ते पहिल्या फुलोऱ्यालाच समजतं. तेव्हा एकदोन लावून थांबू नका, दहाबारा लावा, म्हणजे दोन्ही असण्याची शक्यता वाढेल.

जागेबद्दलही एक. ओढ्याकडेला अगदी उघड्यावर पिसा लावलात तर पहिल्याच उन्हाळ्यात पानं करपतील. आधी भराभर वाढणारी स्थानिक झाडं वर येऊ द्या, करवंदाच्या जाळ्या राहू द्या, आणि त्यांच्या सावलीत पिसा घाला. वर सड्यावरच्या, म्हणजे खडकाळ पठारावरच्या गवतात तर लावूच नका. तिथलं गवत आणि पावसाळी फुलं हीच त्या जागेची खरी वनस्पती.

ओढ्याकाठी:
मनापासून आभार. फणसासाठी घरामागे जागा बघतो. वरच्या वाडीत एका ओळखीच्यांच्या रानात पेल्यातली लाल फळं पाहिल्याचं आईला आठवतंय, उद्या विचारून येतो.