दुर्गाबाईंबद्दलही लिहायला हवं
मूकपटांच्या काळातल्या अभिनेत्री कमलाबाई गोखले यांच्याबद्दल छान लिहिलेलं वाचलं, पण त्यांच्या आई दुर्गाबाई कामत यांच्याबद्दल एक ओळही नाही, म्हणून ही भर. १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र' या चित्रपटात दादासाहेब फाळक्यांना तारामतीच्या भूमिकेसाठी बाई मिळाली नाही, म्हणून अण्णा साळुंके हे पुरुष नट उभे राहिले. त्याच वर्षीच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये मात्र पार्वती झाल्या दुर्गाबाई आणि मोहिनी झाली त्यांची लेक कमला. नाटकात बायकांनी उभं राहणंही ज्या काळात लाजिरवाणं मानलं जाई, त्या काळात या बाईने स्वतःबरोबर मुलीलाही कॅमेऱ्यापुढे आणलं! मला हे धाडस फार मोठं वाटतं. पुढे अभिनेते चंद्रकांत आणि विक्रम गोखले याच घरातले. विक्रमजींची पणजी एवढीच दुर्गाबाईंची ओळख उरावी, हे मनाला पटत नाही.