बावीस वर्षं टिकलेला पंटर: थोर की नुसताच टिकाऊ?

कोपऱ्यातला

मंडळी, आपल्याकडे पंटर म्हटलं की भाईच्या मागे फिरणारा, कटिंग सांगायला धावणारा पोऱ्या डोळ्यांपुढे येतो. अमेरिकन फुटबॉलमधल्या पंटरची संघातली पतही साधारण तेवढीच. चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचं असतं. तीन फुकट गेले की बाकीचे मान खाली घालून बाहेर येतात आणि हा आत जातो. रांगेच्या पंधरा यार्ड मागे उभा राहतो, आलेला चेंडू झेलतो, लाथ घालून शक्य तितका लांब पाठवतो (हाच पंट) आणि परत बाकावर येऊन बसतो. घरी तोवर आपण उठून पाणी प्यायला गेलेलो असतो.

माझा माणूस जेफ फीगल्स. १९८८ साली ड्राफ्टमध्ये, म्हणजे कॉलेजच्या खेळाडूंतून संघ आपापली माणसं निवडतात तिथे, त्याला कुणी निवडलंच नाही. न्यू इंग्लंड पेट्रियट्सनी तसाच घेतला, दोन मोसमांनी सोडला. पुढे फिलाडेल्फिया, अ‍ॅरिझोना, सिअ‍ॅटल आणि २००३ ते २००९ न्यूयॉर्क जायंट्स. एकूण २२ मोसम, ३५२ सामने आणि तेही सलग. एकही चुकवला नाही. एनएफएलमध्ये, म्हणजे तिथल्या व्यावसायिक लीगमध्ये, कुठल्याच जागेवरच्या खेळाडूनं एवढे सलग सामने खेळलेले नाहीत. १,७१३ पंट, ७१,२११ यार्ड, आणि ५५४ वेळा समोरच्याला त्याच्याच वीस यार्डांच्या आत कोंडलेलं. फेब्रुवारी २००८ मध्ये सुपर बोल, म्हणजे मोसमाचा अंतिम सामना, जिंकला तेव्हा वय ४१, तोवर त्या सामन्यात खेळलेल्यांत सर्वांत वयस्क. समोर कोण? तेच पेट्रियट्स, १८ पैकी १८ जिंकून आलेले. निकाल १७-१४.

एवढं होऊन हॉल ऑफ फेममध्ये, या खेळातल्या थोरांच्या मानाच्या दालनात, निव्वळ पंटर म्हणून एकटा रे गाय बसलाय. (नावावर विनोद करू नका, माझे करून झालेत.) माझं म्हणणं, फीगल्सला आत घ्यावं. पंटर नीट खेळला तर कुणाच्या लक्षात येत नाही, चुकला तर गावभर होतं. अशा कामावर बावीस वर्षं कुणी हटवू शकलं नाही, हीच त्याची गुणवत्ता. पटत नसेल तर बोला.

आकडेमोडे

नाही पटत.

चेंडू मागे आल्यापासून पायाला लागेपर्यंत साधारण दोन सेकंद जातात. १,७१३ गुणिले दोन म्हणजे ३,४२६ सेकंद. सत्तावन्न मिनिटं! एक सामना साठ मिनिटांचा असतो. म्हणजे तुमच्या माणसानं बावीस वर्षांत मिळून एक अख्खा सामनासुद्धा खेळलेला नाही, आणि तुम्ही त्याच्या सलगतेचे पोवाडे गाताय. ब्रेट फाव्हरनं क्वार्टरबॅक (चेंडू फेकणारा, संघाचा सूत्रधार) म्हणून सलग २९७ सामन्यांची सुरुवात केली आणि कारकिर्दीत ५००हून जास्त वेळा तो चेंडूसकट जमिनीवर आपटला गेला. दोन्ही आकडे एका तागडीत टाकायचे? पंटरच्या अंगाला हात लागला तर शिट्टी वाजते, दंड होतो.

दुसरं, १,७१३ पंट याचा अर्थ त्याच्या संघांनी १,७१३ वेळा हात टेकले. चांगल्या संघात असता तर हा विक्रम झालाच नसता.

आणि बावीस वर्षं एकही रजा न घेता मस्टरवर सही केली म्हणून आपण हेडक्लार्कला पद्मश्री देत नाही. नारळ आणि शाल देतो.

कोपऱ्यातला

सेकंदांचा हिशेब आवडला, कबूल. पण याच न्यायानं शंभर मीटर धावणाऱ्यांची कारकीर्द मोजा बघू.

हेडक्लार्कला कुणी काढत नाही हो. पंटरला काढतात. दर उन्हाळ्यात सराव शिबिरात कॉलेजातून आलेला, निम्म्या पगारावर खेळायला तयार असलेला एक पोरगा शेजारी आणून उभा करतात. फीगल्सनं असे उन्हाळे बावीस काढले.

मैदानाबाहेरची

मी या खेळातली जाणकार नाही. आठवी-नववीपर्यंत मुलाला बुद्धिबळात घालावं असा माझा हट्ट होता, तो आता इथे न्यू जर्सीत शाळेच्या संघात पंटर आहे. त्यामुळे ‘नुसती लाथ’ वाचलं की मला लागतं.

लाथ शेवटी येते. सगळी मेख आहे ती हातातून चेंडू सोडण्यात. टाकायचा नाही, उडवायचा नाही, फक्त हात काढून घ्यायचा. चेंडूचं नाक किंचित खाली आणि जरासं आत वळलेलं, आणि तो पायावर येईपर्यंत तसंच राहिलं पाहिजे. हातापासून पायापर्यंत अंतर ते केवढं, पण तेवढ्यात नाक जरा फिरलं की चेंडू पायाच्या कडेला लागतो आणि बाकावर बसलेल्या पोरांच्या डोक्यावरून जातो. हे मी डोळ्यांनी पाहिलंय, आणि आजूबाजूच्या पालकांचे चेहरेही पाहिलेत.

आमचा रोज रात्री वरच्या खोलीत पलंगाच्या कडेला उभा राहतो आणि गादीवर चेंडू सोडतो. शंभर वेळा. लाथ नाही, नुसता सोडतो. खाली स्वयंपाकघरात बद् बद् आवाज येत असतो. पहिल्या महिन्यात वाटलं छत खाली येणार. आता आवाजावरून कळतं, सपाट पडला की वाकडा.

तर आकडेमोडे, ते सत्तावन्न मिनिटांचं गणित आमच्या गादीलाही सांगा.

रेडर्सभक्त

ताई, प्रतिसाद एक नंबर.

मी मधला. पंटरला मान हवा, शंभर टक्के. पण रांग लावायची तर फीगल्स पुढे कसा? रे गायला रेडर्स संघानं १९७३ मध्ये ड्राफ्टच्या पहिल्याच फेरीत उचलला, तोवर पंटरसाठी असं कुणी केलं नव्हतं. सात प्रो बोल (मोसमातल्या निवडक खेळाडूंचा सामना), तीन सुपर बोल. सुपरडोममध्ये छताला टांगलेल्या पडद्यावर चेंडू आपटवणारा तो हाच. आणि तरी १९८६ मध्ये थांबलेल्या माणसाला हॉलमध्ये यायला २०१४ उजाडलं.

त्यानंतर शेन लेकलर. १८ मोसम, सात प्रो बोल, पंटमागे सरासरी ४७.६ यार्ड. तुमच्या फीगल्सची ४१.६, आणि प्रो बोल दोन. प्रत्येक लाथेमागे सहा यार्ड कमी. सहा यार्ड म्हणजे काय थोडे झाले?

कोपऱ्यातला

ज्या सरासरीवर तुम्ही निकाल लावताय तिच्यासारखी फसवी गोष्ट या खेळात दुसरी नसेल.

समजा चेंडू समोरच्याच्या ४८ यार्डांच्या रेषेवर आहे. दांडगा पाय असलेल्यानं तो थेट गोलरेषेपलीकडच्या शेवटच्या पट्ट्यात हाणला. कागदावर ४८ यार्डांचा पंट, पण नियमानं समोरचा सुरुवात करणार आपल्या २० यार्डांवरून. म्हणजे हातात पडले २८. फीगल्स तोच चेंडू तिरका मारून सहा यार्डांच्या रेषेपाशी मैदानाबाहेर घालवणार. कागदावर ४२, हातातही ४२. सरासरी कुणाची वाढली? आणि घाम कुणाला फुटला?

त्या कोपऱ्याला कॉफिन कॉर्नर म्हणतात, शवपेटीचा कोपरा. बाजूची रेषा आणि गोलरेषा मिळतात ती जागा. फीगल्स त्यातला उस्ताद. बाहेर गेलेला चेंडू कुणी घेऊन पळू शकत नाही, हा त्यातला दुसरा फायदा. त्यात तो शेवटची सात वर्षं खेळला जायंट्सच्या न्यू जर्सीतल्या मैदानावर. तिथला वारा डिसेंबरात काय करतो ते न्यू जर्सीकरांना सांगायला नको. पार्किंगमध्ये टोपी उडाली की थेट हायवेवर.

आकडेमोडे

वाऱ्याची गोष्ट निघाली म्हणून, अ‍ॅरिझोनात चार मोसम कोरडी हवा आणि स्वच्छ ऊन होतं. सिअ‍ॅटलची पहिली दोन वर्षं किंगडोममध्ये, डोक्यावर काँक्रीटचं छत. सोयीचा तेवढाच वारा वाहू देऊ नका.

आणि ५५४. मोठा आकडा आहे, पण १,७१३ ने भागा. साधारण ३२ टक्के. तीनातला एक. मारत राहिला, साचत गेले. क्रिस गार्डोकी नावाचा पंटर होता, त्यानं १,१७७ पंट मारले आणि एकही कधी समोरच्यांनी अडवला नाही. चूक न करणं हीच कसोटी असेल तर त्याचा धागा काढा.

मैदानाबाहेरची

पंटरला कुणी हात लावत नाही, हे मात्र खरं नाही हं. मुलगा या खेळात पडल्यावर मी नको ते सगळं शोधून वाचलंय. डिसेंबर २०१३ मध्ये सिनसिनाटीच्या केव्हिन ह्यूबरचा पंट समोरच्यानं झेलला आणि पळत सुटला. ह्यूबर अडवायला गेला आणि बाजूनं आलेल्या धडकेत त्याचा जबडा मोडला, मानेच्या मणक्याला तडा गेला. लाथ मारेपर्यंत शिट्टीचं संरक्षण. चेंडू परत फिरला की पंटरच्या डोक्या-मानेवर मारायला मनाई आहे, पण बाकी धडक त्यालाही बसतेच.

आकडेमोडे

ताई, मान्य. पण मग फीगल्स वाचला हे कौशल्य की नशीब?

कोपऱ्यातला

चेंडू बाहेर घालवला की तो परत फिरतच नाही. वर लिहिलंय बघा.

जायंट्सचा जावई

हा धागा आजवर कुणी १९ डिसेंबर २०१० चं नाव न काढता इतका लांब गेला याचं नवल वाटतंय. जखमेवर मीठ चोळतो, कारण ती माझीच आहे.

फीगल्स त्या वर्षी एप्रिलमध्ये निवृत्त झाला, ४४ व्या वर्षी. त्याच्या जागी मॅट डॉज, कॉलेजातून नुकताच आलेला. समोर फिलाडेल्फिया ईगल्स. आम्ही सासऱ्यांच्या तळघरात अकरा जण, आणि शेवटची आठेक मिनिटं उरलेली असताना ३१-१० ने पुढे. सासूबाईंनी वरून हाक मारली, जेवायला या, आणि निम्मे उठलेसुद्धा. मग ईगल्सचं एक टचडाऊन (चेंडू गोलरेषेपार नेणं), दुसरं, तिसरं. ३१-३१.

चौदा सेकंद राहिली. जायंट्सना पंट मारायचा होता. मुख्य प्रशिक्षक टॉम कॉफलिननी पोराला बजावून पाठवलं होतं, चेंडू मैदानाबाहेर. डिशॉन जॅक्सनच्या हाती लागता कामा नये. चेंडू मागे जरा उंच आला, डॉज गडबडला आणि त्यानं मारला तो सरळ जॅक्सनच्या दिशेनं. जॅक्सनच्या हातून निसटला, आम्ही ओरडलो. त्यानं उचलला आणि सुटला. ६५ यार्ड. घड्याळ शून्यावर गेलं तरी हा पठ्ठ्या गोलरेषेला समांतर आडवा पळत होता, वेळ काढत, मग आत गेला. ३८-३१. इकडे कॉफलिन हातातला कागद फेकून भर मैदानात पोराच्या अंगावर ओरडताहेत.

तळघरात कुणी बोलेना. मग सासरे म्हणाले, “फीगल्स असता तर हा चेंडू पार्किंगमध्ये असता.”

त्या मोसमात जायंट्स १० विजय, ६ पराभवांवर थांबले आणि प्लेऑफला, म्हणजे बाद फेरीला, मुकले. तेवढेच १०-६ असलेले ग्रीन बे पॅकर्स आत गेले आणि सुपर बोल घेऊन आले. आता बोला, पंटरनं काय फरक पडतो!

आकडेमोडे

गोष्ट रंगवून सांगितलीत. पण आठ मिनिटांत २१ गुण दिले ते बचावफळीनं. त्या पोराच्या वाट्याला सात आले, तेही चेंडू उंच आल्यावर. बळीचा बकरा करायला पंटर नेहमीच सोयीचा. आणि पॅकर्सनी पुढच्याच आठवड्यात जायंट्सना हरवलं होतं, तेव्हा प्लेऑफचं खापर एका लाथेवर फोडू नका.

शिवाय दुसऱ्याच्या चुकीनं पहिला थोर ठरतो, हे कुठलं तर्कशास्त्र?

जायंट्सचा जावई

यष्टिरक्षक कसा होता हे तो गेल्यावर निघणाऱ्या बाइजवरूनच कळतं. तेच.

रेडर्सभक्त

वादात थोडा विसावा. फीगल्सचा खरा धंदा नंबर विकण्याचा होता. २००४ मध्ये ईलाय मॅनिंग आला, त्याला १० नंबर हवा होता, तो फीगल्सकडे. सौदा झाला कुटुंबाच्या फ्लोरिडा सहलीवर. मग यानं १७ घेतला. पुढच्या वर्षी प्लॅक्सिको बरेस आला, त्याला नेमका १७ हवा. बदल्यात घराबाहेर अंगणात स्वयंपाकाचा ओटा ठरला. मग हा १८ वर गेला. ज्या खेळात लोक पाठीवरच्या आकड्यासाठी कोर्टकचेऱ्या करतील, तिथे हा आकडा देतो आणि ओटा मागतो. माझं मत लेकलरलाच, पण माणूस आवडला.

आकडेमोडे

हे माहीत नव्हतं. ओट्याला अर्धा गुण.

एक मात्र माझ्या बाजूनं नोंदवून ठेवतो: हल्ली चौथ्या प्रयत्नाला पंट मारण्याऐवजी दहा यार्ड पुरे करायला जाणारे प्रशिक्षक वाढलेत. गणितानं सिद्ध झालंय की पूर्वीचे लोक फार भित्रेपणानं पंट मारायचे. म्हणजे फीगल्सच्या त्या १,७१३ मधल्या कित्येक लाथा मारायलाच नको होत्या.

कोपऱ्यातला

तो निर्णय प्रशिक्षकाचा. त्याला बोलावलं की तो गेला. आणि न मारायच्या जागीही नीट मारली, तर दोष कुणाचा?

ग्रीन बेची रात्र आठवा, जानेवारी २००८, सुपर बोलच्या आधीचा सामना, उणे अठरा अंश. जादा वेळेत सामना जिंकून देणारी ४७ यार्डांची ती किक मारली लॉरेन्स टाइन्सनं, नाव झालं टाइन्सचं. गुडघा टेकून, बर्फासारखा कडक चेंडू झेलून उभा धरणारा हात फीगल्सचा. सुपर बोलचा रस्ता त्या हातातून गेला. तुमच्या सत्तावन्न मिनिटांत हे धरलंय का?

आकडेमोडे

नाही धरलं. दोन सेकंद वाढवतो.

बरं, मतदान असतं तर माझा क्रम लेकलर, मग बराच वेळ कुणी नाही, मग फीगल्स. वाट बघायची त्याला सवय आहे.

कोपऱ्यातला

लेकलर आधी गेला तर मी रडणार नाही. “बराच वेळ कुणी नाही” हे मात्र मागे घ्या.

ताई, शुक्रवारी मुलाची मॅच होती ना?

मैदानाबाहेरची

झाली. चार पंट. दोन चांगले, एक ठीक, एक बाकावर. हरलो. त्याचे बाबा म्हणाले वारा होता. वारा नव्हता.

आत्ता हे लिहितेय तेव्हा वर चालू आहे. सत्तरेक झाले असतील.