अल्ट्रावाइडवर गेम नीट दिसत नाहीत: काळे पट्टे, लंबगोल चाकं, कापलेली डोकी. मदत हवी आहे

भांडुपकर:
राम राम मंडळी. २४ इंची मॉनिटर काढून ३४ इंची अल्ट्रावाइड (नेहमीपेक्षा जास्त रुंद पडद्याचा) घेतलाय. रिझोल्युशन ३४४०×१४४०, ग्राफिक्स कार्ड आरटीएक्स ३०६० (१२ जीबी). सिनेमा बघताना डोळ्यांचं पारणं फिटतं, ऑफिसच्या दोन एक्सेल शीट शेजारी शेजारी उघडल्या तरी जागा उरते. गेमचं मात्र काही जमेना.

एल्डन रिंगला दोन्ही बाजूंना काळे पट्टे. जुना नीड फॉर स्पीड मोस्ट वाँटेड (२००५ चा) पडदाभर येतो, पण गाड्या चपट्या आणि चाकं लंबगोल. सेलमध्ये घेतलेला एक छोटा भुताखेतांचा गेम आहे, त्यात पट्टे नाहीत, ताणलेलंही नाही, पण सगळं अंगावर आल्यासारखं दिसतं आणि समोरच्या माणसाचं डोकं वरून कापलं जातं. सायबरपंक तेवढा नीट चालतो, फक्त आधीपेक्षा बराच हळू. धाकटा भाऊ व्हॅलोरंट खेळतो, त्यालाही पट्टेच.

शिवाय खोक्यावर १४४ हर्ट्झ (सेकंदाला १४४ वेळा चित्र बदलणार) लिहिलंय आणि विंडोजमध्ये १०० च्या वर पर्यायच दिसत नाही.

बायको म्हणते, एवढे पैसे घालून मधोमध जुन्याएवढंच चित्र? दुकानदार अजून बदलून देईल. ठेवू की परत करू?

वडापाव_एफपीएस:
आधी विचारायचं होतं. साधा १६:९ (नेहमीच्या आकाराचा) घ्या, सुखी राहा.

पिक्सेलपंत:
वर दिलेला सल्ला सोडून द्या. भांडुपकर, मॉनिटर ठेवा. तुमच्या तिन्ही तक्रारींची कारणं वेगळी आहेत, त्यामुळे एकच सेटिंग बदलून सगळं सुटेल ही आशा सोडा.

सगळ्यात आधी कार्डाचं सेटिंग बघा, कारण अर्ध्या लोकांचं तिथेच अडतं. एनव्हिडिया कंट्रोल पॅनलमध्ये डेस्कटॉपचा आकार आणि जागा ठरवायचं पान आहे. तिथे स्केलिंग 'अ‍ॅस्पेक्ट रेशिओ' वर ठेवा आणि ते काम 'जीपीयू' ला (म्हणजे कार्डाला) द्या. 'फुल स्क्रीन' असेल तर प्रत्येक जुना गेम ताणला जाणारच. मॉनिटरच्या स्वतःच्या मेनूतही 'वाइड' किंवा 'फुल' असं काही असेल तर ते 'ओरिजिनल' किंवा '१:१' करा. मग गेममध्ये एखादी गोल वस्तू समोरून बघा, चाक, घड्याळ, पौर्णिमेचा चंद्र, काहीही. सरळ मोजपट्टी लावा पडद्याला. आडवं आणि उभं माप सारखं आलं की ताणाचा विषय संपला.

आता काळे पट्टे. एल्डन रिंग (२०२२) आणि त्याच कंपनीचा सेकिरो (२०१९) हे १६:९ लाच बांधलेले आहेत. एल्डन रिंगची गंमत अशी की गेम मागे रुंद चित्र तयार करतोच, वर काळे पट्टे मुद्दाम रंगवतो. खिडकी पूर्ण रुंदीची आहे, दोन्ही बाजूंना पडदे ओढून ठेवलेत. 'फ्लॉलेस वाइडस्क्रीन' नावाचं फुकट साधन आहे, ते हे पडदे काढतं. मात्र त्यासाठी गेमचं अँटी-चीट (फसवेगिरी पकडणारी यंत्रणा) बंद करून ऑफलाइन खेळावं लागतं. अँटी-चीट चालू ठेवून असलं काही लावायला जाऊ नका, खातं बंद होऊ शकतं.

तिसरी तक्रार, डोकं कापलं जाणं, ही सगळ्यात चीड आणणारी, कारण गेम वरवर 'अल्ट्रावाइड चालतं' असं दाखवतो. होतं काय, की आडवा दृष्टिकोन (एफओव्ही, म्हणजे किती अंशांचं दृश्य दिसतं तो कोन) कायम धरला जातो आणि पडदा रुंद झाला की उभा कमी केला जातो. म्हणजे जास्त दिसण्याऐवजी कमी दिसतं. याला 'व्हर्ट मायनस' म्हणतात. चांगला गेम उलट करतो, उभा कायम ठेवून आडवा वाढवतो, ते 'हॉर प्लस'. १६:९ वर ९० अंश दिसत असतील तर तुमच्या पडद्यावर साधारण १०७ दिसायला हवेत. हाच तर अल्ट्रावाइडचा फायदा.

तुमचा भुतांचा गेम अनरियल इंजिनवरचा असणार. अनरियल सुरुवातीपासून आडवा कोन धरून बसतं आणि छोट्या टीमच्या लक्षात ते सेटिंग बदलायचं राहतं. युनिटीत कॅमेऱ्याचा कोन मुळात उभा मोजतात, म्हणून युनिटीवरचे छोटे गेम बहुतेक वेळा आपोआप बरे दिसतात. उपाय सोपा आहे. अ‍ॅपडेटा, लोकल, गेमच्या नावाचं फोल्डर, सेव्ह्ड, कॉन्फिग, आणि तिथली इंजिन डॉट आयएनआय फाइल. त्यात 'लोकलप्लेयर' चा विभाग टाकून 'अ‍ॅस्पेक्ट रेशिओ अ‍ॅक्सिस कन्स्ट्रेंट' ला 'मेंटेन वाय एफओव्ही' द्यायचं. स्पेलिंग हाताने लिहू नका, पीसी गेमिंग विकीवरून जशीच्या तशी उचला. काही गेम ही ओळ जुमानत नाहीत, तेव्हा गेममधला एफओव्हीचा स्लायडर वाढवून बघा.

१४४ हर्ट्झचं: एचडीएमआय लावलीय ना? एचडीएमआय २.० वर ३४४०×१४४० ला साधारण १०० हर्ट्झवरच गाडी थांबते. खोक्यात डिस्प्लेपोर्टची केबल बघा.

रात्रपाळी:
पंतांनी मोस्ट वाँटेडचं राहू दिलं, ते मी घेते. माझा तो जीव की प्राण. मूळ गेमच्या यादीत चौकोनी रिझोल्युशनंच आहेत, म्हणून ताणलं जातं. 'वाइडस्क्रीन फिक्सेस पॅक' गिटहबवर मिळतो, त्यात मोस्ट वाँटेड आहे, जीटीए सॅन अँड्रियास आहे, मॅक्स पेन आहे, अजून ढीगभर. गेमनुसार वेगळी झिप असते. ती गेमच्या फोल्डरात सोडायची, झालं. रिझोल्युशन स्वतः ओळखतो, स्पीडोमीटर आणि नकाशाही गोलच राहतात. फक्त मोस्ट वाँटेडला १.३ चा पॅच लागतो आणि सॅन अँड्रियासला १.० ची एक्झी (गेम चालू करणारी मुख्य फाइल). नवी आवृत्ती असेल तर काही होणार नाही आणि तुम्ही उगाच तासभर डोकं फोडाल.

दुसरं, 'फिक्स' शोधताना कुठल्याही यूट्यूब व्हिडिओखालच्या लिंकवरून एक्झी उतरवू नका. गिटहब, पीसी गेमिंग विकी, वाइडस्क्रीन गेमिंग फोरम, बास.

भांडुपकर:
रात्रपाळीताई, पंत, दंडवत! केबल खरंच एचडीएमआय होती, डिस्प्लेपोर्टची खोक्यातच पिशवीत गुंडाळलेली. आता १४४. मोस्ट वाँटेड चकाचक. भुतांचा गेमही सुधारला, आता भूत पूर्ण दिसतं, हे बरं की वाईट ठाऊक नाही.

एक शंका. कुठेतरी वाचलं की एक्झी फाइल हेक्स एडिटरमध्ये (फाइलमधले कच्चे बाइट दाखवणारं साधन) उघडून आकडे बदलायचे. ते काय प्रकरण?

पिक्सेलपंत:
जुनी आणि अजूनही चालणारी युक्ती. १६:९ म्हणजे १.७७७८. ही संख्या एक्झीत चार बाइटमध्ये लिहिलेली असते: ३९ ८ई ई३ ३एफ. तुमचं ३४४०×१४४० म्हणजे २.३८८९, ते असं लिहितात: ८ई ई३ १८ ४०. २५६०×१०८० वाल्यांसाठी २६ बी४ १७ ४०. (अक्षरं अर्थात रोमन लिपीतली टाकायची.) पहिले चार शोधा, त्या जागी दुसरे चार टाका. खोक्यावर दोन्ही मॉनिटरवर २१:९ च छापतात, पण गुणोत्तरं सारखी नाहीत, म्हणून दुसऱ्याचे बाइट चालत नाहीत.

मूळ फाइलची प्रत आधी बाजूला ठेवा. एकच संख्या फाइलमध्ये अनेक जागी सापडते, तेव्हा एकेक करून बदला. आणि अपडेट आला की सगळं पुसलं जातं. ऑनलाइन गेमवर हा प्रयोग मुळीच नको.

वडापाव_एफपीएस:
एवढं करण्यापेक्षा बाल्कनीत बसून चहा पिणं परवडलं.

रात्रपाळी:
तुम्हाला बाल्कनी आहे? भाग्यवान.

जीपीयू_काका:
सायबरपंक हळू का झालं, त्यावर कोणी बोललं नाही. हिशेब बघा. १०८०पी (१९२०×१०८०) म्हणजे सुमारे २०.७ लाख पिक्सेल, तुमचा नवा पडदा ४९.५ लाख. जवळजवळ २.४ पट काम, कार्ड तेच. डीएलएसएस (लहान चित्र बनवून ते मोठं करायची एनव्हिडियाची सोय) 'क्वालिटी' वर ठेवा, मग आतलं चित्र साधारण २२९३×९६० चं बनतं, म्हणजे २२ लाख. जुन्या मॉनिटरच्या आसपास आलं की नाही? अगदी तेवढाच वेग येणार नाही, चित्र मोठं करायलाही वेळ जातो, पण खेळण्यालायक नक्की होईल. रे ट्रेसिंग (खऱ्यासारखा प्रकाश आणि सावल्या) बंद. ३०६० वर या रिझोल्युशनला तो हट्ट नको.

कल्याण_स्लो:
धागा वाचून मलाही घ्यावासा वाटतोय. २९ इंची २५६०×१०८० स्वस्तात मिळतोय. चालेल का? टेबलाची जागा कपाट आणि भिंतीच्या मध्ये आहे, ८५ सेंटीमीटर.

पिक्सेलपंत:
२९ इंचीची उंची २३ इंची साध्या मॉनिटरएवढी असते. आत्ता २४ वापरत असाल तर पडदा बुटका झाल्यासारखा वाटेल. ३४ इंचीची उंची २७ इंचीएवढी, आणि पडद्याची रुंदी ८० सेंटीमीटरला जरा कमी. कडा धरून ८५ मध्ये बसेल, पण वक्र असेल तर खोक्यावरचं माप न बघता प्रत्यक्ष मोजा. स्टँडचे पायही मागे बरीच जागा खातात.

रात्रपाळी:
लॅमिंग्टन रोडला (मुंबईतला कॉम्प्युटरचा बाजार) जाणार असाल तर दुपारी जा, दुकानात लावून दाखवायला त्यांना वेळ असतो. पांढरा, काळा, लाल, हिरवा, निळा, असे पाचही रंग पडदाभर लावून मेलेले पिक्सेल बघा, मगच पैसे द्या. आणि भाव विचारताना लक्षात ठेवा, ३२ इंचांच्या वरच्या मॉनिटरवर आधी २८ टक्के जीएसटी होता, २२ सप्टेंबर २०२५ पासून १८ आहे. जुनी छापील किंमत दाखवून कोणी 'तुमच्यासाठी खास सूट' म्हणालं तर हसून बिल मागा. परत येताना ग्रँट रोडहून टॅक्सीच करा. ते खोकं संध्याकाळच्या लोकलमध्ये नेणं शक्य नाही, लगेजच्या डब्यातसुद्धा.

भांडुपकर:
डीएलएसएसने सायबरपंक मस्त चालतंय, काका. मॉनिटर ठेवला. दोनच गोष्टी राहिल्या. काही गेममध्ये खेळताना पडदा भरलेला आणि मधल्या कथेच्या प्रसंगाला पट्टे. आणि व्हॅलोरंट?

पिक्सेलपंत:
प्रसंग आधीच व्हिडिओ म्हणून बनवलेला असेल तर फाइलमध्येच १६:९ आहे, तिथे काही करता येत नाही. गेम तो तिथल्या तिथे रंगवत असेल तर फिक्स असू शकतो, पण काढल्यावर कधीकधी कडेला पात्रं नुसती हात पसरून उभी दिसतात, कारण तो भाग कोणी बघणार नाही असं धरूनच बनवलेला असतो. मी पट्टे राहू देतो.

व्हॅलोरंट रुंद दाखवणार नाही. सगळ्यांना सारखंच दिसावं म्हणून दृष्टिकोन पक्का बांधलाय, हात लावू नका. भावाला २५६०×१४४० वर 'लेटरबॉक्स' मध्ये खेळू द्या. त्याला मधोमध २७ इंची मॉनिटर मिळालाय, तुमच्या जुन्या २४ पेक्षा मोठाच. हे वहिनींनाही सांगा.