फाटरमध्ये ‘ट’, ब्रूडरमध्ये ‘ड’. पॅटर्न एक, मग कास्टिंग दोन तऱ्हेचं का?

पॅटर्नवाला (उद्यमनगर, कोल्हापूर)

नमस्कार मंडळी. मी २६ वर्षं लाकडी पॅटर्न करतोय. फौंड्रीवाले आमच्याकडनं पॅटर्न नेतात, वाळूत दाबून साचा काढतात आणि त्यात रस ओततात. भाषेचा अभ्यास म्हणाल तर दहावीला पूर्ण संस्कृत घेतलं होतं तेवढाच. पण गेले चार महिने एका गोष्टीनं डोकं धरलंय, म्हणून इथं विचारतो.

पोरगी नर्सिंग करून आता जर्मनीला जायच्या तयारीत आहे. जर्मन भाषेची बी-वन पातळीची परीक्षा द्यायची आहे. रात्री जेवणं झाली की तिची वही माझ्या हातात असते. मी मराठी शब्द विचारायचा, तिनं जर्मन सांगायचा. असं करता करता मला जुने संस्कृतचे शब्द आठवायला लागले. पाद, इंग्रजीत फूट, जर्मनमध्ये फूस. दंत, टूथ, त्सान. दश, टेन, त्सेन. त्रि, थ्री, ड्राय. चार-दोन शब्द जुळले असते तर योगायोग म्हणून सोडून दिलं असतं. पण इथं प असेल तिथं फ होतोय, द असेल तिथं इंग्रजीत ट आणि जर्मनमध्ये त्स किंवा स होतोय, आणि ते दर वेळी होतंय.

हे मला ओळखीचं वाटलं. बीड (ओतीव लोखंड) थंड होताना मीटरला साधारण १० मिलिमीटर आकसतं, स्टील २० च्या आसपास. म्हणून आम्ही साध्या पट्टीनं मापच घेत नाही. आमची श्रिंकेज स्केल वेगळी असते, तिच्यावरचा मिलिमीटरच थोडा मोठा. ती पट्टी माहीत असली की कास्टिंग बघून पॅटर्न केवढा होता ते सांगता येतं. भाषेलाही अशी पट्टी असणार, असं माझ्या मनानं घेतलं.

आता अडलंय ते इथं. पितृ, मातृ, भ्रातृ, तिन्हीत त. त्रि चं ड्राय होतं, म्हणजे त चा जर्मनमध्ये ड व्हायला पाहिजे. भ्रातृ चं ब्रूडर झालं, बरोबर. मग पितृ चं फाटर आणि मातृ चं मुटर का? तिथं ट कुठनं आला? क्लासच्या मॅडमनी पोरगीला सांगितलं की भाषेत अपवाद असतातच, पाठ कर. मला ते पटत नाही. एका पॅटर्नचे तीन नग ओतले आणि दोन मापात चुकले, तर मी ‘अपवाद’ म्हणून बिल लावू शकत नाही. कुठंतरी कारण असतंच. कुणाला माहीत असेल तर सांगा.

मोडीप्रेमी (शाहूपुरी)

दादा, आम्हाला शाळेत सांगितलं होतं की जर्मन हा शब्दच ‘शर्मन’ वरनं आलाय आणि जर्मन भाषा संस्कृतची लेक आहे. आईचे शब्द लेकीत येणारच. थोडेफार बिघडले असतील, त्यात एवढं काय शोधायचं?

निवृत्त शिक्षिका (मंगळवार पेठ)

मी ३१ वर्षं शाळेत संस्कृत शिकवलं. पॅटर्नवाले, तुम्ही विचारलेला प्रश्न या विषयातल्या मोठमोठ्या लोकांना ५० वर्षं सुटला नव्हता. त्यामुळे जरा सविस्तर लिहिते.

आधी शर्मनचं. जर्मन लोक स्वतःला जर्मन म्हणतच नाहीत, डॉइच म्हणतात, आणि तो शब्द ‘लोक’ या अर्थाच्या जुन्या शब्दावरून आलाय. ‘जर्मानी’ हे नाव रोमन लोकांच्या लिखाणातलं, सीझरनं वापरलेलं. राहिली आई-लेकीची गोष्ट. शंभरला संस्कृतात शत, लॅटिनमध्ये केंतुम, जर्मनमध्ये हुंडर्ट. जसा प चा फ होतो तसा क चा ह होतो, म्हणून केंतुमशेजारी हुंडर्ट नीट बसतं. बदलला आहे तो आपला श, मूळचा तो क च्याच घरातला. म्हणजे संस्कृतही मुळापासून सरकलेली आहे. कलकत्त्यात विल्यम जोन्सनं १७८६ मध्ये हेच मांडलं होतं, की संस्कृत, ग्रीक, लॅटिन या एका उगमातून निघाल्या असाव्यात आणि तो उगम कदाचित आता उरलेलाही नसेल. गॉथिकही (जर्मनच्या नात्यातली एक जुनी भाषा) त्याच कुळातली असावी, असं त्यानं पुढं जोडलं होतं. संस्कृत ही जर्मनची बहीण आहे, आणि तिचे कागद फार जुने आणि फार नीट राखलेले आहेत. या नीट राखण्यामुळेच तुमचा प्रश्न सुटला, ते पुढं सांगते.

तुमच्या ‘पट्टी’ला नाव आहे. परीकथा गोळा करणाऱ्या दोघा भावांपैकी थोरला याकोब ग्रिम, त्यानं १८२२ मध्ये ती व्यवस्थित मांडली. प, त, क यांचे फ, थ, ह झाले. ब, द, ग यांचे प, ट, क झाले. भ, ध, घ यांचे ब, द, ग झाले (विधवा आणि विडो बघा, भ्राता आणि ब्रदर बघा). त्याच्या आधी १८१८ मध्ये रास्मुस रास्क या डेन्मार्कच्या माणसानं बरंचसं ओळखलं होतं. हा रास्क १८२० मध्ये मुंबईला आला होता आणि पारशी लोकांकडून अवेस्ताच्या पोथ्या घेऊन गेला. ते वाचलं तेव्हापासून तो मला परका वाटत नाही.

ग्रिमच्या पट्टीत न बसणारे शब्द उरलेच, आणि त्यात तुमचे फाटर आणि मुटर होते. ते सोडवले कार्ल व्हेर्नरनं, १८७७ मध्ये छापलेल्या एका लेखात. हाही डेन्मार्कचाच. गोष्ट अशी सांगतात, की दुपारी झोप यावी म्हणून तो बॉप या भाषा-अभ्यासकाचं तौलनिक व्याकरण घेऊन पडला होता. समोर पितृ आणि भ्रातृ हे शब्द आले, स्वरचिन्हांसकट. आणि झोप राहिली बाजूला.

आता ऋग्वेदाची छापील प्रत उघडा. तिथं पि॒ता, मा॒ता असं दिसेल, पहिल्या अक्षराखाली आडवी रेघ. ती रेघ म्हणजे अनुदात्त, आणि त्याच्या लगेच पुढचं बिनरेघेचं अक्षर उदात्त. म्हणजे जोर ‘ता’ वर. भाऊ मात्र भ्राता॑ असा लिहिलेला असतो. ‘ता’च्या डोक्यावर उभी रेघ, तो स्वरित, आणि त्याच्या आधीचा ‘भ्रा’ उदात्त. तीन शब्दांतले त सारखे, पण जोर दोन ठिकाणी. व्हेर्नरनं दाखवलं की त चा थ झाल्यावर, जोर त्या थ च्या लगेच आधीच्या अक्षरावर असेल तर थ तसाच राहिला. तसा नसेल तर मऊ पडून द सारखा झाला. पुढं जर्मनमध्ये थ चा ड झाला आणि द चा ट झाला. म्हणून भ्राता, ब्रूडर. आणि पिता, फाटर.

इंग्रजीत हे आज दिसत नाही, कारण तिथं फादर, मदर, ब्रदर तिन्ही एकसारखे झालेत. पण जुन्या इंग्रजीत फॅडर आणि मोडोर होते, आणि ब्रोथोर वेगळा होता.

माझे वडील ऋग्वेदी होते. पहाटे म्हणायला बसायचे, मी शेजारी. स्वर चुकला की मांडीवर बोट आपटायचे, बोलायचे नाहीत. जो ‘ता’ मी शंभर वेळा चुकले असेन, त्या ‘ता’च्या स्वरानं जर्मन भाषेतलं कोडं उलगडलं, हे मला कळलं तेव्हा मी पन्नाशी ओलांडली होती. त्यांना सांगता आलं नाही.

लेकीला एक विचारा: श्नायडेन (कापणे) चं तिसरं रूप काय, आणि लायडेन (सोसणे) चं काय?

पॅटर्नवाला

बाई, तुमचं उत्तर मी दोनदा वाचलं, मग पोरगीला मोठ्यानं वाचून दाखवलं. तिनं लगेच सांगितलं: श्नायडेन, गेश्निटेन. लायडेन, गेलिटेन. ड चा ट! तिच्या वहीत हे ‘अनियमित’ म्हणून लाल शाईनं लिहिलेत. म्हणजे तिथंही जोर एकदा पुढं आणि एकदा मागं असणार.

आता माझ्या भाषेत सांगतो, चुकलं तर दुरुस्त करा. कास्टिंग सगळीकडं सारखं आकसत नाही. जिथं आत कोअर (पोकळीसाठी वाळूचा गाभा) बसवलेला असतो, तिथं तो धातूला अडवतो आणि तेवढ्या जागी माप वेगळं येतं. नंतर कोअर फोडून वाळू झाडून टाकतात. गिऱ्हाइकाच्या हातात जातं तेव्हा कोअरचा कणही नसतो, पण त्यानं केलेली पोकळी आणि तो मापातला फरक तसाच राहतो. पोरगी म्हणते जर्मनमध्ये फाटर, मुटर, ब्रूडर तिन्हीत जोर पहिल्याच अक्षरावर आहे. म्हणजे जुना जोर हा कोअर. तो निघून गेला, ट आणि ड मागं राहिले. आणि तुमच्या वडिलांच्या पोथीत तो कोअर अजून शाबूत आहे.

मोडीप्रेमी भाऊंना एक. उद्यमनगरात रोज कुणीतरी जुन्या मशीनचा तुटका भाग घेऊन येतं. ड्रॉइंग नाही, पॅटर्न नाही, कंपनी बंद पडलेली. असलेच दोन-तीन तुकडे मिळाले तर ते मोजून, झीज धरून, आकसणं धरून आम्ही मूळ पॅटर्न काढतो. संस्कृत, लॅटिन, गॉथिक हे तसे तुकडे. संस्कृतचा तुकडा सगळ्यात कमी झिजलेला, पण तोही ओतलेलाच.

निवृत्त शिक्षिका

कोअरची उपमा अगदी चपखल आहे. जोर सगळ्या शब्दांत पहिल्या अक्षरावर येऊन बसला तो हे सगळं घडून गेल्यानंतर. आणि तुम्ही जो पॅटर्न मोजून काढता, तसे काढलेले मूळ शब्द अभ्यासक चांदणी लावून लिहितात. चांदणी म्हणजे हा शब्द कुठं लिहिलेला सापडलेला नाही, हिशोबानं काढलेला आहे.

ऱ्हाईनकाठचा इचलकरंजीकर

मी ड्युसेलडॉर्फला नोकरी करतो. इथं बेनराट नावाचा भाग आहे, माझ्या घरापासून ट्रामनं जाता येतं. भाषेचे लोक ‘बेनराट रेघ’ म्हणतात ती हीच. रेघेच्या दक्षिणेला बोलीत करणे म्हणजे ‘माखेन’, उत्तरेला ‘माकेन’, इंग्रजी मेकच्या जवळचा. आमच्या खात्यात उत्तरेकडचे एक वयस्कर गृहस्थ आहेत. ते घरी फोनवर बोलतात तेव्हा वासरला (पाणी) वाटर म्हणतात, आप्फेलला (सफरचंद) आपेल, इशला (मी) इक. मला पहिल्यांदा वाटलं इंग्रजी बोलतायत.

गेओर्ग वेंकर हा माणूस ड्युसेलडॉर्फचाच. त्यानं १८७६ पासून शाळामास्तरांना वाक्यं पाठवून ‘तुमच्या गावच्या बोलीत लिहून द्या’ म्हणून सांगितलं आणि त्यातनं नकाशे केले. पुढं ४० वाक्यांचा संच ठरला आणि काम जर्मनीभर झालं. मी हे वाचताना सारखा विचार करत होतो, आपल्याकडं कुठल्या गावापर्यंत पाणी आणि कुठल्या गावापासून पानी, याचा असा नकाशा कोल्हापूर-सांगलीचा करायला काय मजा येईल.

पॅटर्नवाला

इचलकरंजीकर, मास्तरांची यादी तुम्ही करा, गावं मी हिंडतो.

बाई, अजून एक अडलंय. मिरीला जर्मनमध्ये प्फेफर. पोरगी म्हणाली हा आपल्या पिंपळीचाच शब्द आहे. मग पाद चं फूट होतं तसं पिंपळीचं इंग्रजीत फ नं सुरू व्हायला पाहिजे होतं. तिथं पेपर आहे, दोन्ही प शाबूत. आणि जर्मनमध्ये फ नाही तर प्फ, पुढं फ. पट्टी इथं का लागत नाही?

निवृत्त शिक्षिका

कारण पेपर हा त्यांच्या घरचा शब्द नव्हे, विकत घेतलेला माल आहे. पिप्पली आपल्याकडून व्यापाराबरोबर ग्रीकमध्ये पेपेरी म्हणून गेली, तिथून लॅटिनमध्ये पिपेर, आणि रोमन बाजारातून जर्मानिक लोकांकडं. तोवर ग्रिमचा बदल होऊन गेला होता, त्यामुळे प ला हात लागला नाही. पण दुसरा बदल अजून व्हायचा होता, जो दक्षिणेकडच्या जर्मन बोलींतच झाला आणि ज्यानं त्यांच्या इंग्रजीपासून वेगळ्या वाटा केल्या. त्यात सुरुवातीच्या आणि जोड प चा प्फ झाला, स्वरांमधल्या एकट्या प चा फ झाला. आपेल चं आप्फेल, टेन चं त्सेन, माकेन चं माखेन, हे सगळं त्याच वेळचं. इचलकरंजीकरांच्या ट्रामवाटेवर तो बदल थांबला.

म्हणजे एका पिंपळीवरून दोन बदलांचा क्रम कळतो: पहिला ती येण्याआधीचा, दुसरा ती आल्यानंतरचा.

पॅटर्नवाला

काल रात्री आम्ही दोघं बसून वहीतले ४३ शब्द तपासले. बाहेरून आलेले बाजूला काढले, जोराचे बाजूला काढले. शेवटी तीन उरले. अष्ट, आख्ट. नक्त (रात्र), नाख्ट. अस्ति, इस्ट. तिन्हीत त चा ड व्हायला पाहिजे होता, झाला नाही.

साडेअकराला पोरगीच म्हणाली, बाबा, तिन्हीत ट एकटा नाही, त्याला चिकटून आधी दुसरं व्यंजन आहे. म्हटलं खरंच की. शेजारच्यानं धरून ठेवलाय म्हणून तो आकसला नाही. बाई, बरोबर आहे का?

निवृत्त शिक्षिका

बरोबर आहे. स च्या किंवा अशा दुसऱ्या व्यंजनाच्या लगेच मागं आलेला त तसाच राहतो, हा नियमच आहे. ती लाल शाई खोडायला सांगा तिला.